तीन रेघांचं सफरचंद

सुशीलाबाईंनी पिशवीतून दोन सफरचंदं काढून टेबलावर ठेवली.

"यातलं एक माझं हाय, एक चोराचं. सांगा बाई, कोंचं कुनाचं?"

गुलबर्ग्यात स्टेशन रस्त्यामागं, एका डाळमिलच्या माडीवर सुधारानींची कचेरी होती. खाली तूर भरडली जायची, वर माणसांच्या भानगडी. पाटीवर 'खासगी चौकशी' एवढे दोनच शब्द. बहुतेक कामं सोयरिकीची. मुलगा खरंच इंजिनिअर आहे का, मुलीचा मामा खरंच वारला आहे का. चौकशीला सफरचंद आजवर कुणी आणलं नव्हतं.

सुधारानींनी दोन्ही फळं खिडकीच्या उजेडात धरली. अंग हळदीचं. एका गालावर कुंकवाची झाक. आणि देठाखाली, कपाळावर भस्म ओढावं तशा तीन फिकट आडव्या रेघा. दोन्हींवर तशाच.

"जुळी आहेत," श्रीपतराव म्हणाले.

श्रीपतराव म्हणजे सुधारानींचे मदतनीस आणि त्यांच्या जुन्या व्हॅनचे ड्रायव्हर. तीस वर्षं बसमध्ये कंडक्टरकी केलेले. एकदा बघितलेला चेहरा ते विसरत नसत. त्या चेहऱ्याचं पुढं करायचं काय, हे मात्र त्यांना सुचत नसे. आत्ता त्यांच्या हातात गाड्यावरचं एक लालभडक सफरचंद होतं, स्टिकरसकट.

"पण बाई, आपल्याकडं सफरचंद पिकतंय कधी? बेचाळीस डिग्रीत माणूस पिकतो, सफरचंद नाही."

"पिकतंय की," सुशीलाबाई म्हणाल्या. "खजुरीला माझ्या रानात अकरा जातीची झाडं हाईत. उन्हात येणाऱ्या जाती निघाल्यात आता. एक 'अण्णा' हाय..."

"कुणाचे अण्णा?"

"जातीचं नाव हाय वो ते! परदेशातली जात." रागातही त्यांना हसू आलं. मग त्यांनी टेबलावरच्या फळावरून बोट फिरवलं. "पन हे कुठल्या नर्सरीतलं न्हाई. हे आमच्या बसव्वाचं."

बसव्वा म्हणजे शेजारच्या रानातली म्हातारी. अकरा वर्षांमागं ती गुलबर्ग्याच्या दवाखान्यात महिनाभर पडून होती. येईल तो भेटायला सफरचंद घेऊन येई. बसव्वानं फळं खाल्ली आणि बिया पदराच्या गाठीत बांधून गावी आणल्या. तिचं रान कोरडवाहू. म्हणून सुशीलाबाईंच्या गोठ्यामागं, सांडपाणी जातं तिथं तिनं त्या टोचल्या. सात उगवल्या. सहा उन्हानं खाल्ल्या. एक राहिली.

"पाचव्या वर्षी फळ आलं. रेघा बघून मी म्हनलं, बसव्वाअक्का, हे तर तुझंच कपाळ! तवापास्नं मी त्याला बसव्वाच म्हनते. आळंदला फळांचं प्रदर्शन भरलंय. आज सांजच्याला सहा वाजता परीक्षक नव्या वाणाचं नाव लिहून नोंदणीला धाडनार. एकदा लागलं की लागलं. आन् काल बघते तर आळंदच्या गुंडप्पा नर्सरीवाल्यानं हेच फळ मांडलंय. नाव ठेवलंय 'गुंडप्पा गोल्ड'. वर चारचौघांत म्हनतोय, सुशीलाबाईनंच माझी कलमाची काडी चोरून नेली!"

त्यांनी एक सफरचंद पदरानं पुसून परत टेबलावर ठेवलं.

"बसव्वा अठ्ठ्याहत्तरची हाय. पोर न्हाई, बाळ न्हाई. तिचं नाव घेनारं हे एकच झाड. ती हाय तंवर तिच्या कानावर पडावं, इतकंच माझं म्हननं."

"संशय कुणावर?" सुधारानींनी विचारलं.

सुशीलाबाईंनी मान खाली घातली. "माझ्या भावाचा पोरगा, बालाजी. छाटणी तोच करतो, दरसाली येळवशीच्या आदल्या दिवशी. आन् दोन वर्षं झाली, गुंडप्पाकडं कामाला लागलाय. काल मी त्याला उंबऱ्याच्या भायेरच हुबा केला."

"झाडापाशी आणखी कोण जातं?"

"आमचे मालक. बसव्वा. आन् कॉलेजातले गुरुबसव सर. परीक्षकबी तेच हाईत."

"आणि स्वतः गुंडप्पा?"

"त्यानं काडी मागितली व्हती. म्हनलं, आधी बसव्वाचं नाव लागू दे, मग गावभर फुकट वाटते. फुगून बसला. त्यानंतर एकदाच आला, येळवशीला. चार वर्षं व्हतील या येळवशीला."

येळवस म्हणजे मार्गशीर्षातली अवस. त्या दिवशी या मुलखातलं सगळं गाव रानात जेवतं, आणि बांधावरून जाणाऱ्या वैऱ्यालाही हाक मारायची रीत आहे.

"पन मी डोळ्यांत तेल घालून बसले व्हते," सुशीलाबाई म्हणाल्या. "झाडाकडं फिरकलाबी न्हाई. भज्जी जेवला, आंबील प्याला, सगळ्यांसारखा पेटवायचा हेंडगा घेतला न् गेला."

"छाटणीच्या काड्यांचं काय करता?"

"एक काडी बांधाभायेर जात न्हाई. मालक सगळ्या जाळतात. शपथ घातलीय मी त्यास्नी."

सुधारानींनी भिंतीवरच्या घड्याळाकडं बघितलं. दहा वाजले होते.

"श्रीपतराव, गाडी काढा. आणि त्या फळाचं स्टिकर काढून खा."

*

आळंदच्या बाजार आवारातल्या पत्र्याच्या शेडमध्ये प्रदर्शन होतं. एका लांब टेबलावर ताटल्या मांडलेल्या, ताटलीसमोर चिठ्ठ्या. गुरुबसव सर चष्मा कपाळावर चढवून चिठ्ठ्या सरळ करत होते. तिशीतला, हसरा माणूस.

"बाजाराला पाच-सहा नावं पाठ असतात," ते म्हणाले. "रॉयल, गोल्डन, फुजी, गाला. संपलं. जगात हजारो जाती आहेत, बाई. काश्मीरची जुनी आंबरी बघा. एक फळ ठेवलं तर खोलीभर वास. पण लाल कमी, उतारा कमी, म्हणून गाड्यावर दिसत नाही."

"मला एकच सांगा. दोन वेगळ्या बियांतून हेच तीन रेघांचं फळ येईल?"

"अशक्य! सफरचंदाचं बी आईवर जात नाही. एका फळात आठ बिया असल्या तर आठ नव्या जाती. बहुतेक आंबट-तुरट. एखादीच अशी निघते. मग ती टिकवायची तर तिची काडी घ्यायची आणि दुसऱ्या सफरचंदाच्या खुंटावर कलम बांधायचं. या दोन झाडांतलं एक आई आहे, दुसरं तिच्या काडीचं कलम. आई कोणती, हे फळ बघून मला सांगता येत नाही. खरं सांगायचं तर रात्री झोप नाही मला."

"काडी तुम्ही नेली नाहीत ना?"

सरांचे कान लाल झाले. "मी जूनमध्ये जातो. पानं आणि फळं आणतो. कलमाची काडी थंडीत घ्यावी लागते, झाड झोपेत असताना. डिसेंबर, जानेवारी. तेव्हा मी कॉलेजात परीक्षांच्या पेपरांखाली गाडलेला असतो."

"पाच वाजता गुंडप्पांच्या रोपवाटिकेत या. येताना चिठ्ठी कोरी आणा."

बाहेर आल्यावर श्रीपतराव कुजबुजले, "बाई, हाच असणार. ज्याचे कान लाल होतात तो खोटं बोलतो."

"तुमचे कान आत्ता लाल आहेत, श्रीपतराव."

"ते उन्हानं!"

*

खजुरीच्या रानात मृगाआधीची काळी माती भेगाळली होती. पण सुशीलाबाईंच्या बांधाआत हिरवं होतं. अकरा जातींची झाडं, प्रत्येकाच्या खोडाला खापरीचा तुकडा टांगलेला, त्यावर चुन्यानं नाव.

सुधारानी एकेका झाडाशी वाकून खोडावरून हात फिरवत गेल्या. दहा झाडांना जमिनीपासून वीतभर वर एक फुगीर गाठ होती. गोठ्यामागच्या अकराव्याचं खोड मातीतून निघालं ते वरपर्यंत सरळ, एकसारखं.

"गाठी कसल्या?" श्रीपतरावांनी विचारलं.

"कलमाचा सांधा," सुशीलाबाई म्हणाल्या. "नर्सरीतून आनलेल्या समद्या झाडांना असतो."

अकराव्या झाडाखाली घोंगडीवर बसव्वा बसली होती. कपाळावर भस्माचे तीन पट्टे, मांडीवर सूप. ती सफरचंदाशी बोलावं तसं गात होती:

"बी गं पेरिलं गोठ्यामागं, न्हाई बारसं, न्हाई गाणं,
लेकरा तुझ्या कपाळाला, भस्म माझं हे देणं."

"अज्जी, तुमचं नाव या फळाला द्यायचं चाललंय," सुधारानी म्हणाल्या.

"माझं नाव? माझ्या नावानं आजवर निस्तं रेशन मिळालं बाई!" बसव्वा बोळक्या तोंडानं खदखदली. "पन सुशी म्हनते तर असू दे. मेल्यावर लोकं मला खात ऱ्हातील."

"गुंडप्पा येळवशीला आला होता, आठवतं?"

"आठवतंय की. भित्रा मेला! सांजच्याला समदी पोरं-बापे हेंडगे पेटवून पिकाभवती पळायली, आन् हा आपला थंड हेंडगा काखेत मारून गाडीवर बसायलाय. म्हनलं, कामून रे गुंड्या, पेटीव की! तर म्हनतो, अज्जी, मला दमा हाय, धूर सोसत न्हाई. घरी जाऊन अंगणात लावतो."

तेवढ्यात गोठ्यातून सुशीलाबाईंचे यजमान राघोबा आले. मिशा पांढऱ्या, आवाज खणखणीत.

"त्या चोराला माझ्या म्होरं आना! कुनी काडी दिली ते कळू द्या निस्तं, तंगडं मोडून हातात देतो!"

"छाटणीच्या काड्या तुम्ही जाळता ना, राघोबा?"

"व्हय. एकूनएक. हिनं शपथ घातलीय. येळवशीची सांज झाली की रानात काडी शिल्लक न्हाई."

श्रीपतरावांना हेंडग्यांचं कुतूहल वाटत होतं. त्यांच्या गावाकडं ही रीत नव्हती.

"हेंडगा म्हंजी कडब्याची पेंढी आवळून केलेला टेंभा," राघोबांनी छाती काढली. "पन समद्यांचे हेंडगे दोन बांधांवर इझतात. माझे चार बांध पळवा, जाळ तसाच. सगळ्या पाव्हण्यांना मीच बांधून देतो. निस्त्या कडब्याचा जाळ म्हंजी बोलघेवडा पाव्हणा. पोटात लाकूड पायजे, लाकूड!"

"वा," श्रीपतराव म्हणाले, आणि जेवणाची चौकशी केली.

सुधारानी मात्र थोडा वेळ राघोबांकडं बघत राहिल्या. मग हळूच हसल्या.

*

गुंडप्पाची रोपवाटिका आळंदच्या बाहेर, उमरग्याच्या रस्त्यावर होती. ते दुपारी चारला पोचले. बसव्वा, सुशीलाबाई आणि राघोबा यांना सुधारानींनी व्हॅनमध्येच थांबायला सांगितलं.

गुंडप्पा पाचोळ्याच्या धुमसत्या ढिगाशेजारी खुर्ची टाकून बसला होता. पांढरा सदरा, जाड अंग, बोटांत बिडी. धूर थेट तोंडावर येत होता, पण तो डोळासुद्धा मिचकावत नव्हता.

"या अक्का, या! डास लई झालेत, म्हनून धूर केलाय. चहा घेनार?"

श्रीपतराव त्याच्याकडं टक लावून बघत होते. "तुम्हाला मी ओळखतो. उमरगा गाडी, शेवटची सीट. बिडीपायी दोनदा उतरवलंय तुम्हाला."

"कंडक्टरसाहेब!" गुंडप्पा दिलखुलास हसला. "अजून सुटली न्हाई बघा."

सफरचंदाचं झाड मधोमध होतं. त्याच्याभोवती विटांचा नवा गोल कट्टा, कट्ट्यात हातभर माती चढवलेली, मातीत झेंडू फुललेले. खोडाला गेरू आणि चुना. फांद्यांवर मोजून चौदा फळं, सगळ्यांना तीन रेघा.

"एवढ्या झाडांत याच्या एकट्यालाच कट्टा?" सुधारानींनी विचारलं.

"थोरला लेक हाय तो. आठ वर्षांमागं काश्मिरी सफरचंद खाल्लं, बी टाकलं, उगवलं. देवाची देणगी."

"या जातीची आणखी मोठी झाडं?"

"हे एकच. बाकी ही पिल्लं, औंदाच केलेली." त्यानं पिशव्यांतल्या बोटभर रोपांकडं हात केला.

श्रीपतराव कट्ट्यावर टेकले होते. "अहो, हे बघा. एकाच झाडाला दोन तऱ्हेची पानं!" झेंडूंच्या मधून, मातीतून एक कोंब खोडाला चिकटून वर आला होता. वरची पानं रुंद, मऊ, खालून पांढुरकी. या कोंबाची पानं अरुंद, काठाला करवतीसारखी.

"कोवळी पालवी हाय, अशीच दिसते," गुंडप्पा म्हणाला. बोलता बोलता त्यानं वाकून कोंब मोडला आणि मागं भिरकावला.

"श्रीपतराव," सुधारानी सहज म्हणाल्या, "तुमच्या पुस्तकात खूण ठेवायला तेवढा कोंब उचला."

श्रीपतराव पुस्तक वाचत नसत. तरी त्यांनी उचलला.

नळापाशी एक तरुण पाइप गुंडाळत होता. तोच बालाजी. तेविशीतला असेल. डोळे सुजलेले.

"तू काडी दिलीस?"

"बाई, आत्यानं मला वाढवलंय. तिच्या झाडाची काडी मी विकीन?" तो पाइपाशीच बोलल्यासारखा बोलत होता. "मी इथं आलो तवा हे झाड माझ्या खांद्याएवढं व्हतं. कशाचं ते मला ठाव नव्हतं. औंदा फळ आलं न् रेघा बघितल्या, तवा वळखलं, ही बसव्वाच. आत्याला सांगायचं म्हनून काल गेलो, तर तिनं आत घेतलं न्हाई."

"तू आल्यापासून दोन थंड्या गेल्या. दोन्ही वेळा तिकडची छाटणी तूच केलीस?"

"व्हय. ढीगभर निघतात काड्या. राघोबामामा उचलतात."

"बस झालं," सुधारानी म्हणाल्या. "आता एक खुरपं आणून ठेव."

*

पाच वाजता गुरुबसव सर आले. सुशीलाबाई, राघोबा आणि बसव्वा व्हॅनमधून उतरले. बसव्वाला खुर्ची दिली. ती धुराच्या बाजूला बसली आणि तिनं गुंडप्पाला नीट न्याहाळलं.

"दमा बरा झाला व्हय रं, गुंड्या?"

गुंडप्पानं बिडी पायाखाली विझवली.

"आधी आई कोण ते बघू," सुधारानी म्हणाल्या. "सर, कलम कुठं बांधलंय हे खोडावर दिसतं ना?"

"दिसतं. गाठ राहते. जन्मभर."

"माणसाच्या बेंबीसारखी. ज्याला बेंबी आहे, त्याला आई आहे. सुशीलाबाईंच्या दहा झाडांना बेंबी आहे. अकराव्याला, गोठ्यामागच्या झाडाला, नाही. ते कुणाच्या काडीचं नाही, बीपासून उगवलंय. आता गुंडप्पांचं झाड. तेही बीचं, असं त्यांचं म्हणणं. मग खोड हातभर मातीत का पुरलंय? नवा कट्टा कशाला?"

"शोभेला!" गुंडप्पा म्हणाला.

"श्रीपतराव, तुमची खूण."

श्रीपतरावांनी खिशातून कोंब काढला. सुधारानींनी तो सरांच्या हातात दिला.

"बीच्या झाडाला मुळापासून फांदीपर्यंत एकच पान असतं. या झाडाच्या बुडातून वेगळ्याच पानाचा कोंब आला. सर, याचा अर्थ?"

"खुंट फुटलाय!" सर उडालेच. "खालचं झाड वेगळं, वरचं वेगळं. हे कलमच आहे."

"आणि गुंडप्पांनी तो बघता क्षणी मोडला. मुरलेल्या नर्सरीवाल्याचा हात. खुंटाचा कोंब दिसला की आपोआप जातो. बालाजी, खुरपं घे."

बालाजीनं झेंडू बाजूला केले आणि माती ओढली. वीत खाली गेली, आणखी चार बोटं, आणि खोडावर एक जाड, फुगीर गाठ उघडी पडली.

बसव्वानं पुढं वाकून बघितलं. "अय्योऽ! हे तर माझं नातवंड!"

सुशीलाबाईंच्या डोळ्यांत पाणी आलं. पण दुसऱ्याच क्षणी त्यांची नजर भाच्यावर गेली आणि घट्ट झाली. "मग काडी दिली कुनी?"

"तेच राहिलंय," सुधारानी म्हणाल्या. "सर थंडीत जात नाहीत, आणि जूनच्या काडीचं कलम होत नाही. बालाजीनं दिली असती तर दोन थंड्यांत ढीगभर काड्या इथं आल्या असत्या, आणि आज इथं या जातीची शंभर मोठी झाडं असती. आहे एकच, तेही बालाजी येण्याआधीचं. म्हणजे ज्याच्या हाती काड्या लागल्या, त्याच्या हाती एकदाच लागल्या, मूठभर, आणि थंडीत."

"येळवस," श्रीपतराव एकदम म्हणाले, आणि स्वतःच चकित झाले.

"येळवस. गुंडप्पा तिथं एकदाच गेले. झाडाला हात लावला नाही, रिकाम्या हातानं आले. परत जाताना हातात एकच वस्तू होती."

"हेंडगा," बसव्वा म्हणाली. "थंड."

"दम्यामुळं पेटवला नाही म्हणे. हा दमा बसच्या शेवटच्या सीटवर कधी दिसला नाही, आज या धुरातही दिसला नाही. मग अवसेला हेंडगा न पेटवता घरी नेण्याचं कारण? त्याच्या पोटात काहीतरी जळू द्यायचं नव्हतं."

राघोबांनी मिशीला लावलेला हात तसाच राहिला.

"राघोबा," सुधारानी मऊ आवाजात म्हणाल्या, "तुमच्या हेंडग्याच्या पोटात लाकूड असतं. कुठलं?"

"ते आपलं..." राघोबांनी घसा खाकरला. "आदल्या दिवशी छाटणी झालेली असती. काड्या पडलेल्या असतात. हिनं सांगितलंय जाळा. मी म्हनलं, निस्त्या जाळण्यापरीस हेंडग्यात घालाव्या, जाळबी व्हईल न् शपथबी..." त्यांचा खणखणीत आवाज पाचोळ्यासारखा झाला. "मीच दिली व्हय? माझ्या हातानं?"

"आवळून, बांधून, वर पाव्हण्याला राम राम करून," सुधारानी म्हणाल्या.

"आता मोडा तंगडं!" बसव्वा टाळी वाजवत ओरडली. "घ्या राघोबा, सोताचंच घ्या!"

पहिल्यांदा हसला बालाजी. मग सर हसले, आणि सुशीलाबाईंनी पदर तोंडाला लावला तो हसण्यासाठी की रडण्यासाठी, ते कळलं नाही.

गुंडप्पा मटकन कट्ट्यावर बसला.

"हेंडगा हातात घेतला न् बघितलं, कडब्यातून डोळा बघायलाय. काडीवरचा, कोंब फुटनारा जिवंत डोळा. कुठल्या झाडाचा ते मला कळलं. फळ मी चाखलेलं व्हतं." त्यानं कपाळ पुसलं. "अक्का, मी चोरायला आलो नव्हतो. पन तीस वर्षं झाडं जगवायला लागलोय, जिवंत डोळा आगीत घालवेना मला. पाच काड्या बांधल्या, चार वाळल्या. एक जगली. इथवर माझं चुकलं न्हाई, असं मला आजबी वाटतंय."

"आन् म्होरं?" सुशीलाबाईंनी विचारलं.

"म्होरं चुकलं. फळ आल्यावर तुमच्या दारी यायला पायजे व्हतं. माझ्या नावाचं काय तरी जगात ऱ्हावं वाटलं. तेवढ्यापायी तुमाला चोर म्हनलो."

सुशीलाबाईंनी बसव्वाकडं बघितलं. फळ तिचं, न्यायही तिचाच.

बसव्वानं वाकून त्या उघड्या गाठीवरून हात फिरवला.

"माझं बी दवाखान्यातलं. कुनी आनलेल्या फळाचं, ते नावबी मला ठाव न्हाई," ती म्हणाली. "गुंड्या, झाड तुझ्याकडंच ऱ्हाऊ दे. पन उद्या शेडात हुबं ऱ्हाऊन सगळ्यांम्होरं सांग, सुशी चोर न्हाई. जो मागंल त्याला कलम दे, आन् देताना आईचं नाव सांग. आन् या येळवशीला ये. हेंडगा पेटीव. चार बांध पळ. मी मोजनार."

"पळतो, अज्जी," गुंडप्पा म्हणाला. त्याचं पोट बघून श्रीपतरावांना तीन बांधांचीही खात्री वाटली नाही.

गुरुबसव सरांनी कोरी चिठ्ठी गुडघ्यावर ठेवली आणि लिहिलं. मग मोठ्यानं वाचलं, "वाणाचं नाव: बसव्वा. जन्म: बीपासून, खजुरी. लावणारी: बसव्वा. सांभाळणारी: सुशीलाबाई."

"परत वाचा," बसव्वा म्हणाली. "या कानानं कमी येतंय."

सरांनी परत वाचलं. तिसऱ्यांदा वाचायला लावलं तेव्हा सगळ्यांना कळलं की तिचे दोन्ही कान ठणठणीत आहेत.

सुधारानींनी सकाळची दोन सफरचंदं पिशवीतून काढली. एक श्रीपतरावांना दिलं. दिवसभर त्यांची नजर त्यावरच होती. दुसरं सुशीलाबाईंनी चिरलं, फोडी वाटल्या. गुंडप्पालाही दिली. मधला गाभा त्यांच्या तळहातावर राहिला. त्यातून त्यांनी बिया वेचल्या. आठ निघाल्या, काळ्याभोर, चकचकीत.

बालाजी नळापाशीच उभा होता. त्याला कुणी हाक मारली नव्हती. सुशीलाबाई चालत त्याच्यापाशी गेल्या, त्याचा मातीनं भरलेला हात उघडला आणि बिया त्यात ओतल्या.

"सर म्हनतात, हर एक बी नवी जात. आंबट निघंल का गोड, कुनाला ठाव. गोठ्यामागं जागा हाय, पाणी हाय. टोचायला माझी कंबर वाकत न्हाई आता." त्या थांबल्या. माफी मागण्याची त्यांच्या जिभेला सवय नव्हती. "यातलं जे पयलं फळंल, त्याचं नाव मी ठरवून ठिवलंय."

"काय, आत्या?"

"बालाजी," त्या म्हणाल्या. "आता चल घरी. जेवला नसशील कालपास्नं."